आदल्या दिवशीचे गोल

सबनीस सरांनी मंगेश केणीला फसवलं. पैशात नाही, पगार वेळेवर होत होता, त्याबद्दल तक्रार नाही. फसवलं ते असं, की जे काम त्यांनी स्वतः सांगून त्याच्याकडून करून घेतलं, तेच काम एक दिवस त्याचा गुन्हा म्हणून टेबलावर मांडलं गेलं, आणि तेव्हा हा माणूस समोर बसून तोंडातून एक शब्द काढेना.

सबनीस म्हणजे आमच्या उपनगरातल्या एका व्यावसायिक फुटबॉल क्लबचे मुख्य कोच. मंगेश त्या क्लबचा दुसरा गोलकीपर. पहिल्याला काही झालं तर उभा राहायचं, नाहीतर बसायचं. नऊ वर्षं तो दुसराच राहिला. मी या दोघांची कोणी नाही. चारकोपच्या इंडस्ट्रियल इस्टेटमध्ये माझा शिलाईचा गाळा आहे. जालन्याकडून आले तेव्हा दुसऱ्याच्या गाळ्यात धागे कापायला बसायची, आता माझ्या स्वतःच्या मशिनी आहेत. क्लबच्या जर्सी मी शिवायचे. आता शिवत नाही. ते का, हेही पुढे येईल.

मंगेशच्या आधी मला त्याची आई माहीत होती. सुमनबाई. कांदिवलीच्या मासळी बाजारात बसते. मुंबईत माझ्याशी भाव करताना मला दमवणारी ही एकच बाई. मी मांदेलीचा भाव पाडून मागितला की ती पाटीवर फडकं टाकायची.

"काय झालं?"

"दुकान बंद झाला माजा. जा घरा, भाजी खा."

मी दोन पावलं जायचे, ती हाक मारायची. मी परत यायचे, ती पुन्हा फडकं टाकायची. असं दोन-तीनदा झाल्यावर आमचा सौदा व्हायचा आणि दोघींनाही आपण जिंकलो असं वाटायचं. एकदा माझ्या पिशवीतून नमुन्याची जर्सी बाहेर डोकावत होती. सुमनबाईने कोयता खाली ठेवला.

"यो तर माजे पोराचे क्लबाचा हाय!"

"तुमचा मुलगा खेळतो?"

"मग! गोलान असतंय."

"मी मॅच बघते मोबाइलवर. दिसला नाही कधी."

"दिसंल कसा? तो बसलेला असतंय. दुसरा पडला का यो उठनार." आणि मग आवाज उतरवून म्हणाली, "बाय गो, याचे हातान जोर हाय, तोंडान नाय."

त्या दिवशी मी हसले होते. आता ते वाक्य आठवलं की डोकं तापतं.

काही दिवसांनी मंगेश स्वतः गाळ्यावर आला. सहा फुटांच्या वर उंची, दाराच्या चौकटीला वाकून आत आलेला. उजव्या हाताची करंगळी बाहेरच्या बाजूला वळलेली. कधीतरी मोडली आणि तशीच जुळली. हातात गोलकीपरचे हातमोजे होते. तळव्याचा फोम पार सोललेला.

"ताई, हे चिकटतील का?"

"हे काय चिकटवायचं? याला अग्नी दे." मी उलटून पाहिले. "किती मॅच खेळलास यात?"

"एकही नाही."

"मग झिजले कसे?"

"रॉयस्टनचे मॅचला झिजतात. माझे रोज." रॉयस्टन म्हणजे पहिला गोलकीपर. "सगळ्या स्ट्रायकरांना सराव द्यायचा तर गोलात कोणीतरी हवं ना. त्याचं अंग जपतात, त्याला मॅच खेळायची असते."

मी मोजे ठेवून घेतले आणि शिलाईचा भाव सांगितला. मुद्दाम वाढवून सांगितला, कारण समोरचा कमी करणार हे मी धरूनच असते. तो म्हणाला, "चालेल."

मला असा संताप आला! "चालेल काय? भाव कर ना! सुमनबाईचा मुलगा ना तू?"

"घरात एक जण करतंय ते पुरे आहे ताई."

शेवटी माझा भाव मीच पाडला. माझ्या धंद्यात असं पहिल्यांदाच झालं. त्यानंतर दर दीड-दोन महिन्यांनी तो यायचा, मोजे द्यायचा, स्टुलावर बसून चहा घ्यायचा. त्याचं स्टुलावर बसणं बघण्यासारखं होतं. पाठ ताठ, तळपाय जमिनीवर, जणू कोणी हाक मारली की उठायचं आहे. माझ्या कारागीर बायका त्याची चेष्टा करायच्या, "दादा, टेकून बसा की, इथे कोण पडणार नाही." तो म्हणायचा, "पाटावर बसलेल्याने हात धुतलेले असावेत."

हेच त्याचं बेंचवरचं धोरण होतं. बाकीचे राखीव खेळाडू तिथे जॅकेट घालून, पाय पसरून, च्युइंगम चघळत बसतात. मंगेश पहिल्या मिनिटापासून मोजे चढवून, बूट आवळून बसायचा. दुसऱ्या हाफमध्ये पाण्याचा घोट घ्यायचा नाही, न जाणो नेमकं तेव्हाच उठावं लागलं तर पोट जड नको. समोरच्या टीमचा कोणता खेळाडू फ्री किकच्या आधी कुठे बघतो, कोण डाव्या पायाने मारतो असं दाखवून उजव्याने मारतो, हे सगळं त्याच्या डोक्यात. बेंचवरून ओरडून रॉयस्टनला सांगायचा. रॉयस्टनने अडवलं की टाळ्या रॉयस्टनला. त्याची मंगेशला तक्रार नव्हती. "हात त्याचेच होते ना," म्हणायचा.

एकदा त्याला खरोखर उठावं लागलं. रॉयस्टनचं कॉलरबोन मोडलं, पहिल्या हाफच्या शेवटी. मंगेश आत गेला. मी गाळ्यात मशिनी बंद करायला लावून सगळ्या बायकांना मोबाइलभोवती बसवलं. त्याने तीन चांगले शॉट अडवले, वरून एक पेनल्टी. आम्ही असा आरडाओरडा केला की शेजारच्या प्लास्टिकवाल्याला वाटलं आग लागली. मॅच जिंकली. दुसऱ्या दिवशी सकाळी हा मैदानावर सगळ्यांच्या आधी हजर, सरावाचे प्लास्टिकचे कोन मांडत होता.

आणि आठवड्याभरात क्लबने बाहेरून एक गोलकीपर उसना आणला, रॉयस्टन बरा होईपर्यंत. का, तर मंगेशला मोठ्या मॅचचा अनुभव नाही.

"नवव्या वर्षी मी अननुभवी आहे ताई," तो म्हणाला आणि मनापासून हसला. मी नाही हसले.

"दुसरा क्लब बघ ना! कशाला इथे सडतोस?"

तेव्हा त्याने सांगितलं, की बघितला होता. दोन वर्षांपूर्वी गोव्याच्या एका क्लबने पहिला नंबर देऊ केला होता. कागद तयार होता. सबनीस सरांनी थांबवलं. खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "तू गेलास तर माझे स्ट्रायकर कोण तयार करणार? दोन वर्षं काढ. मग आपल्या लहान मुलांच्या टीमचा गोलकीपर कोच तूच." मंगेश थांबला. कोचिंगचा कोर्सही केला, सगळा इंग्रजीत, रोज सरावाहून आल्यावर डिक्शनरी घेऊन. मुलांना शिकवणं हेच त्याला पुढे करायचं होतं. पहिला नंबर त्याने या एका शब्दावर सोडला.

"लिहून घेतलंस?"

"सरांकडून काय लिहून घ्यायचं?"

माझ्या गाळ्यात नवी आलेली पोरगीसुद्धा पहिल्या दिवशी सुट्टीचं लिहून घेते.

आता मुख्य गोष्ट. एकदा जर्सीचे गठ्ठे घेऊन मी अंधेरीच्या सरावाच्या मैदानावर गेले होते. दुसऱ्या दिवशी मॅच. गठ्ठे उतरवून बाजूला उभी राहिले. गोलात मंगेश. सबनीस त्याच्याजवळ गेले आणि हळूच, पण मला ऐकू जाईल इतपत, म्हणाले, "मंगेश, उद्या मॅच आहे. पोरांचं तोंड गोड कर."

मग मी बघितलं ते असं, की जो माणूस डोळे मिटूनही बॉल पकडेल, त्याच्या बोटांना लागून बॉल जाळीत जात होता. एक, दोन, पाच. मुख्य स्ट्रायकर समीर, चोवीस-पंचवीसचा मुलगा, गोल मारून हात पसरून धावत होता. बाकीचे त्याच्या अंगावर उड्या मारत होते. मंगेश गवतावर मूठ आपटत होता, चिडल्यासारखा.

नंतर मी त्याला गेटवर गाठलं. "तू मुद्दाम सोडलेस."

तो इकडेतिकडे बघून म्हणाला, "ताई, कुणाला बोलू नकोस हं. आदल्या दिवशी असंच करायचं असतं. स्ट्रायकरचा पाय गरम राहिला पाहिजे. गोल मारून घरी गेला की रात्री झोप लागते, दुसऱ्या दिवशी बॉल आपोआप जातो."

"आणि त्यांना कळत नाही?"

"कळलं तर सगळं वाया. म्हणून तर कठीण आहे." आणि मग त्याचे डोळे असे चमकले, जसे माझ्याकडे एखाद्या कारागीर बाईचे अवघड कॉलर बसवून दाखवताना चमकतात. "उडी पूर्ण मारायची, पण एका श्वासाने उशिरा. बोट लागू द्यायचं. समीरला वरच्या कोपऱ्यातला गोल लागतो, सोपा दिला तर त्याचं समाधान होत नाही, म्हणून त्याचे पहिले दोन अडवायचे आणि तिसरा द्यायचा. दुसरा एक आहे, त्याचे पहिले दोन अडवले तर तो खचतो. त्याला पहिलाच द्यायचा."

"हा घाट्याचा धंदा आहे, मंगेश."

"तू नाही का गिऱ्हाइकाला शेवटी थोडं सोडत? खूश होऊन जावं म्हणून?"

"मी सोडते ते माझ्या बिलावर लिहून सोडते."

त्यावर तो हसला आणि स्कूटरला किक मारली. नऊ वर्षं, प्रत्येक मॅचच्या आदल्या दिवशी, हा माणूस कोचच्या सांगण्यावरून हरत आला होता. क्लबमध्ये दोघांनाच हे माहीत होतं. एक सांगणारा, एक करणारा.

मागच्या हंगामात क्लबची मॅनेजमेंट बदलली. नव्या लोकांनी सरावाच्या मैदानाला चारी बाजूंनी कॅमेरे लावले. कोण किती धावला, कोणी किती शॉट मारले, गोलकीपरने किती अडवले, सगळं मशीन मोजणार. मी मंगेशला लगेच म्हटलं, "आता बंद कर ते गोड-बिड." तो म्हणाला, "सरांना विचारलं. ते म्हणाले, मी आहे ना, तू चालू ठेव."

मी आहे ना! हे तीन शब्द या शहरात मी ज्याच्या-ज्याच्या तोंडून ऐकले, तो वेळेला नव्हता.

हंगाम संपायला आला तेव्हा नव्या मॅनेजरने मंगेशला खोलीत बोलावलं. सबनीस शेजारच्या खुर्चीत. पडद्यावर तीन गोलकीपरांचे आकडे. मंगेशचा सगळ्यात खाली, तिसऱ्या, एकोणीस वर्षांच्या मुलाच्याही खाली. मॅनेजर म्हणाला, असा माणूस आम्ही ठेवू शकत नाही. लहान मुलं तर त्याच्या हाती देऊच शकत नाही. मंगेशने सबनीसकडे बघितलं. सबनीस मोबाइल बघत होते.

हे मंगेशने मला दोन दिवसांनी सांगितलं, स्टुलावर तसाच ताठ बसून. माझ्या हातात कात्री होती ती मी टेबलावर आपटली.

"आणि तू? तू काय बोललास?"

"काही नाही."

"तुझ्या तोंडाला काय झालं होतं?"

"ताई, पुढच्या आठवड्यात सेमीफायनल आहे. मी बोललो असतो तर ते समीरच्या कानावर गेलंच असतं. त्याला कळलं असतं की आदल्या दिवशीचे त्याचे गोल मी दिलेले असतात, तर त्याचा पाय थरथरला असता."

"अरे, तुला काढलंय त्यांनी! तुला काय त्यांच्या सेमीफायनलचं?"

"आदल्या दिवसाच्या सरावाला सरांनी मला यायला सांगितलंय," तो म्हणाला. "शेवटचा."

आणि तो गेला. काढून टाकलेला माणूस गेला, गोलात उभा राहिला आणि समीरला वरच्या कोपऱ्यातला गोल देऊन आला. क्लब सेमीफायनल जिंकला. समीरने दोन मारले. पेपरात सबनीसांचा फोटो आला.

तरीही मी गप्प बसले असते, कारण मंगेशने शपथ घातली होती. पण मग मुलुंडचं प्रकरण झालं. तिथल्या एका अकादमीला लहान मुलांसाठी गोलकीपर कोच हवा होता. मंगेश भेटून आला, त्यांनी मैदानावर उतरवून बघितला, पसंत केला. मग रीतीप्रमाणे जुन्या क्लबला विचारलं. क्लबने कागद पाठवला. त्यात आकडे होते आणि खाली एक ओळ: सरावात निष्काळजी. अकादमीवाल्याने तो कागद मंगेशसमोर ठेवला आणि म्हणाला, "तुम्ही मुलांना काय शिकवणार?"

निष्काळजी! ज्याने बेंचवर बसून पाणी प्यायलं नाही, तो!

मी दुसऱ्या दिवशी रिक्षा करून अंधेरी गाठली. पुढच्या हंगामाचे नमुने द्यायचे होते, ते निमित्त. सबनीस मैदानाच्या कडेला उभे होते.

"सर, मंगेशच्या कागदावर ते कोणी लिहिलं?"

"शोभाताई, हा क्लबचा विषय आहे. तुम्ही जर्सीचं बोला."

"तुम्ही त्याला गोल सोडायला सांगायचात. मी माझ्या कानांनी ऐकलंय."

"कुठे लिहिलंय?"

"तुम्ही मला फोनवर जर्सी सांगता, ते कुठे लिहिलेलं असतं? मी कधी म्हटलं का, की तुम्ही बोललाच नाही?"

"आवाज खाली घ्या, पोरं ऐकतायत." ते मला कुंपणाजवळ घेऊन गेले. तिथे त्यांचा चेहरा बदलला, जरा दमल्यासारखा झाला. "ताई, मी मॅनेजमेंटला काय सांगू? सरावात मीच गोल सोडायला लावतो म्हणून? आकडे मीच खोटे करतो? उद्या मला घरी बसवतील. माझी मुलगी बारावीला आहे."

"आणि त्याला बसवलं ते?"

"मंगेश समजूतदार आहे. त्याला कळतं."

समजूतदार! या गावात ज्याच्या मानेवर सुरी ठेवायची असते त्याला आधी समजूतदार म्हणतात. मी नमुन्यांची पिशवी परत रिक्षात टाकली आणि सांगितलं, जर्सी दुसरीकडे शिवून घ्या. चांगली ऑर्डर होती. गेली तर गेली.

मंगेशला हे कळलं तेव्हा तो माझ्यावरच चिडला. त्याला चिडलेला मी तेव्हाच पाहिला. "तू का गेलीस ताई? मी सांगितलं होतं तुला? माझं मी बघीन ना!" मी म्हटलं, "तू काय बघणार, तुला मोज्यांचा भाव करता येत नाही." तो उठून गेला. महिनाभर आला नाही. सुमनबाई बाजारात भेटली, तिनेही मांदेली मुकाट्याने, मी मागितला त्या भावाने दिली. पाटीवर फडकं टाकलं नाही. मला ते फार लागलं.

गेल्या महिन्यात एका ऑफिसच्या टीमने शर्ट शिवून घेतले आणि रविवारी सकाळी बोरिवलीच्या टर्फवर आणून द्या म्हणाले. टर्फ म्हणजे जाळीचा मोठा पिंजरा, आत हिरवा गालिचा, तासावर भाड्याने. मंगेश तिथे देखभालीला लागला आहे हे मला माहीत नव्हतं. एका बाजूला गोलकीपर कमी होता म्हणून त्यालाच उभा केलेला. सुटलेल्या पोटांची ती ऑफिसची पोरं गोलावर बॉल मारत होती आणि तो अडवत होता. एकही सोडत नव्हता. पायाने, छातीने, पडून, उठून.

"अंकल, थोडं सोडा ना यार!" एक जण ओरडला. "आज याचा बर्थडे आहे. एक तरी गोल होऊ द्या!"

बर्थडेवाला हात जोडून पुढे आला. सगळे हसत होते. मंगेशने बॉल त्याच्याकडे ढकलला आणि म्हणाला, "जोरात मार." त्याने मारला. मंगेशने पकडला. परत दिला. "अजून जोरात." पुन्हा पकडला. तिसऱ्यांदा कोणी हसलं नाही. वेळ संपायच्या आत ती मंडळी कुरकुरत बाहेर पडली. टर्फचा मालक जाळीपाशी आला.

"मंगेशभाई, गिऱ्हाईक आहेत ते. एक गोल दिला असता तर काय बिघडलं असतं?"

"मी आता गोल खाणार नाही," मंगेश म्हणाला. आवाज चढवला नाही, काही नाही. मग रिकाम्या टर्फवर, समोर कोणी नसताना, तो पुन्हा दोन पोस्टच्या मधोमध जाऊन उभा राहिला. मी शर्टांचा गठ्ठा मालकाकडे ठेवला आणि त्याला न भेटता निघाले.

तर सबनीस सर, तुमच्यासाठी हे सरळ लिहिते. मंगेशला विचारून लिहिलेलं नाही, तो पुन्हा माझ्याशी बोलणं टाकेल. समीरने वाचलं तर वाचू दे. आपण कुणाच्या पाठीवर उभे राहून गोल मारले ते त्यालाही कळायला हवं. तुमच्या कॅमेऱ्यांची रेकॉर्डिंग क्लबमध्ये आहेत. त्यातून मॅचच्या आदल्या दिवशीचे सराव बाजूला काढा आणि बाकीचे दिवस मोजा. तीन गोलकीपरांत कोण वर येतो ते पडद्यावर लावा, त्याच खोलीत, त्याच मॅनेजरसमोर. मग मुलुंडला स्वतः फोन करा. नोकरी जाईल अशी भीती वाटते? त्याची गेली तेव्हा तुम्ही शेजारी बसला होतात.

आणि एवढं होईपर्यंत मला एकाच गोष्टीचं उत्तर हवं आहे. त्या कागदावर निष्काळजी हा शब्द कोणी लिहिला? तुम्ही लिहिला नसेल तर ज्याने लिहिला त्याचं नाव सांगा. तुम्ही लिहिला असेल तर पेन घेऊन या, आणि माझ्यासमोर नाही, सुमनबाईसमोर तो खोडा.